छोटा परिच्छेद

पेन्सिलीचं टोक मोडलं तेव्हा साहेब "इमारत क्रमांक तीन, खोली क्रमांक चौदा" एवढं बोलून झाले होते. एकतीस वर्षांच्या नोकरीत माझी पेन्सिल भर कोर्टात मोडायची ही पहिली वेळ. मी दुसरी घेतली, पण मधे दोन शब्द निसटले. साहेबांच्या ते लक्षात आलं नाही. ते न्यायाधीशाच्या वरच्या खुर्चीत, मी त्यांची लघुलेखिका, त्यांच्या पायाशी खालच्या टेबलावर, त्यांच्याकडे पाठ करून. त्यांना माझा फक्त अंबाडा दिसतो. मला दिसतं सगळं कोर्ट: वकील, त्यांच्यामागे त्यांचे पक्षकार, आणि अगदी मागे भिंतीला टेकलेल्या बाकावर, नक्की काय चाललंय ते न कळता मान हलवत बसणारी माणसं. त्या बाकावर कडेला एक म्हातारी बसली होती. मांडीवर कापडी पिशवी आणि पिशवीवर दोन्ही हात. डाव्या अंगठ्यानं ती पिशवीची शिवण चाचपत होती, टाका सरळ आलाय का बघितल्यासारखी. माझ्या मावशीशिवाय त्या पद्धतीनं शिवण चाचपणारं माणूस मी आयुष्यात बघितलेलं नाही, आणि मावशीला मी त्रेचाळीस वर्षांत बघितलं नव्हतं.

आमच्याकडे माणसं नंबरानं येतात. अर्जाचा नंबर पुकारला की वकील उभा राहतो, आणि पाच मिनिटांत कुणाचं तरी घर, नोकरी, पेन्शन इकडचं तिकडं होतं. तोंडाकडे बघायला वेळ कुणाला? दोन महिन्यांपूर्वी मावशीच्या याच अर्जावर साहेबांनी स्थगिती दिली होती, म्हणजे निकाल लागेपर्यंत गृहनिर्माण मंडळानं खोलीला हात लावायचा नाही. ती स्थगितीही मीच लिहून घेतलेली असणार. पण त्या दिवशी सत्तर प्रकरणं होती, पत्ता कुणी वाचला नव्हता. आज वाचला. चौदा नंबरच्या खोलीत मी वयाच्या सहाव्या वर्षापासून चौदाव्या वर्षापर्यंत राहिले. आई गेल्यावर वडिलांनी कानावर हात ठेवले, तेव्हा मावशीनं मला उचलून आणलं. राहिले म्हणजे शिवणाच्या टेबलाखाली झोपले. पायानं चालवायचं मशीन होतं. मावशी रात्रीचं शिवत बसली की पायाखालचा लोखंडी पाट माझ्या डोक्याजवळ वरखाली व्हायचा, आणि त्या खटखटीतच मला झोप लागायची. सकाळी केसांत दोरे, तोंडात दोरे. फरशीवर खडूच्या रेघा, त्या पुसायच्या नाहीत, नाहीतर मावशी ओरडायची. खिडकीला हिरवे गज होते. उरलेल्या तुकड्यांतून ती माझे झगे शिवायची, आणि प्रत्येक झग्याला दोन खिसे. शाळेत एकीच्याही झग्याला खिसे नव्हते. ती वाईट नव्हती. वाईट असती तर किती सोपं झालं असतं सगळं.

मंडळाचं म्हणणं असं की ही खोली मावशीच्या नवऱ्याला कामगार म्हणून राहायला दिली होती, पण तो वारल्यावर ते कुटुंब तिथं राहिलंच नाही. तिथं शिलाईचं दुकान चालायचं. एका जुन्या तपासनिसाचा शेरा होता तसा, दीड ओळीचा: "शिलाईयंत्र व कापड आढळले, कुटुंब आढळले नाही." तो आला असेल तेव्हा मी आणि मावशीचा मुलगा शाळेत असणार आणि मावशी बटणं आणायला गेली असणार. मेल्यानं टेबलाखाली वाकून बघितलं असतं तर माझी चटई दिसली असती. त्या दीड ओळीवर चाळीस वर्षांनी मंडळानं वाटप रद्द केलं होतं. खोली रिकामी झाली की ती लगेच दुसऱ्याला द्यायची, यादी तयार होती. मावशीजवळ पुरावा काय? शेजारपाजार सगळा वर गेलेला. तिचा मुलगा, माझा मावसभाऊ, सहा वर्षांपूर्वी दारूनं गेला, असं अर्जातच होतं. मग तिनं, किंवा तिच्या त्या ढिल्या वकिलानं, एक कागद जोडला होता. शाळेचा दाखला. "अर्जदाराकडे राहणाऱ्या बहिणीच्या मुलीचा दाखला, पत्ता: इमारत तीन, खोली चौदा."

माझा दाखला. माझं नाव असं की रस्त्यात हाक मारली तर दहाजणी मागं वळतील, आणि आडनाव लग्नात बदललं. नवरा गेला, त्याचं आडनाव राहिलं. कोर्टात मला सगळे नुसतं "बाई" म्हणतात. तेव्हा त्या कागदावरची मुलगी आणि खाली मान घालून लिहिणारी बाई यांचा संबंध लावायचं कुणाला कारणच नव्हतं. मंडळाचा वकील उठला. गुबगुबीत, गोड बोलणारा माणूस. त्याचं कौशल्य एकच, तो नाकारतो. "साहेब," तो म्हणाला, "अर्जदाराला मुलगी नाही. मग ही मुलगी आली कुठून? शाळेच्या दाखल्यावर पत्ता कुणीही काहीही टाकतं. आमच्या प्रतिज्ञापत्रात आम्ही स्पष्ट म्हटलंय, अशी कोणतीही मुलगी त्या खोलीत कधीही राहत नव्हती." साहेबांनी विचारलं, "मुलगी आता कुठाय?" मावशीच्या वकिलानं मागं वळून मावशीकडे बघितलं. मावशीनं नाही अशी मान हलवली. तो म्हणाला, "ठाऊक नाही, साहेब. संबंध राहिलेला नाही." साहेब हसले. "म्हणजे मुलगीही बेपत्ता, पुरावाही बेपत्ता." सगळं कोर्ट हसलं. साहेब विनोद करतात तेव्हा कोर्ट हसतं, ती रीतच आहे. मीही हसले. एकतीस वर्षांची सवय, ओठ आपोआप उघडतात.

आमचं कोर्ट रिटचं. सरकार, पालिका, मंडळ, यांच्यापैकी कुणी हातात अधिकार आहे म्हणून अन्याय केला, तर माणूस इथं थेट येऊ शकतो. ऐकायला झकास वाटतं. पण इथं साक्षीदार उभा करत नाहीत, उलटतपासणी घेत नाहीत. कागदावरून सरळ दिसेल तेवढंच बघायचं. एकानं म्हटलं दार उघडं होतं, दुसऱ्यानं शपथेवर लिहून दिलं की बंद होतं, की आटोपलं. वस्तुस्थितीचा वाद आहे, पुरावा घ्यावा लागेल, दिवाणी कोर्टात जा. आता खरं सांगायचं तर यात चूक काहीच नाही. नुसत्या कागदावरून खरंखोटं ठरवायला गेलं तर उद्या कुणीही उठेल आणि कुणाचंही घर घेईल. साहेब प्रामाणिक माणूस आहेत. पण मंडळांना हे सगळं तोंडपाठ झालंय. त्यांना काही सिद्ध करावं लागत नाही, नुसतं नाही म्हटलं की पुरतं. दिवाणी कोर्ट आमच्याच आवारात मागच्या इमारतीत आहे. चालत जायला दोन मिनिटं. तिथं दावा दाखल केला की साक्षीपुराव्याला यायला बारा वर्षं लागतात, नशीब फुटकं असेल तर पंधरा.

साहेबांनी निकाल सांगायला सुरुवात केली आणि मी लिहीत गेले. "अर्जदार सदर खोलीत सलग राहत होती किंवा नाही, तसेच दाखल्यात उल्लेख असलेली मुलगी तेथे राहत होती किंवा नाही, किंबहुना अशी मुलगी अस्तित्वात होती किंवा नाही, हे सर्व वादग्रस्त वस्तुस्थितीचे प्रश्न आहेत." माझ्या डाव्या हाताच्या पहिल्या बोटाच्या नखात एक आडवी रेघ आहे. दहा वर्षांची असताना मशीनची सुई त्यातून आरपार गेली होती. मावशीनं चाक उलटं फिरवून सुई काढली, बोट आपल्या तोंडात धरलं आणि मी रडायची थांबेपर्यंत सोडलं नाही. मी डावखुरी. त्याच बोटानं पेन्सिल धरून मी लिहिलं, "अस्तित्वात होती किंवा नाही." उठून उभं राहावं आणि म्हणावं, "साहेब, ती मुलगी मी," असं मनात आलं का? आलं ना. स्पष्ट आलं. खुर्ची मागं सरकल्याचा आवाजसुद्धा ऐकू आला. पण कोर्टात लघुलेखिका बोलत नाही. एकतीस वर्षांत त्या दालनात मी "होय, साहेब" यापलीकडे एक शब्द बोललेले नाही. आणि दुसरं, कशाला बोलायचं? माझ्या वेळेला कोण बोललं होतं?

मशीन बिघडलं होतं. वरचा भाग काढून दुरुस्तीला न्यायचा होता. मी आणि मावसभाऊ दोघं धरून जिना उतरत होतो. मी पुढं, तो मागं. मी चौदाची, तो पंधराचा. त्यानं मधेच हात काढले. गंमत म्हणून काढले, मला घाबरवायला. अकरा पायऱ्या खाली मशीन गेलं. चाकाचा तुकडा उडाला, आणि त्या आवाजानं सगळ्या खोल्यांची दारं उघडली. त्यानं लगेच ओरडून सांगितलं, "हिनं सोडलं!" मी वर बघितलं. मावशी दारात उभी होती. "मावशी, मी नाही गं सोडलं. तू बघितलंस ना? तू इथंच होतीस." ती खाली त्या मशीनकडे बघत राहिली. मग म्हणाली, "मला काही बघायचं नाही. तुम्हा दोघांच्या भांडणात मी पडणार नाही. तुला काय सांगायचं असेल ते काकांच्या घरी जाऊन सांग." म्हणजे वडिलांचा धाकटा भाऊ. तिसऱ्या दिवशी तिनं मला गाडीत बसवून दिलं. माझी बोळवण केली. अंगावर दोन खिशांचा झगा होता. सबंध वाटभर मी काय सांगायचं ते मनात जुळवत होते. कोण कुठल्या पायरीवर होतं, हात कुणाचे कुठं होते, चाक कुठल्या बाजूला होतं. एक शब्द इकडचा तिकडं होऊ नये म्हणून पाठ केलं. काकांनी दार उघडलं आणि विचारलं, "कपडे किती आणलेस?" बस्स. पुढं कुणी काही विचारलंच नाही. त्या घरात मी आठ वर्षं भांडी घासली, टायपिंग शिकले, लघुलिपी शिकले, आणि काकू दर चार दिवसांनी "आली ढकललेली" म्हणायची. ते पाठ केलेलं माझं म्हणणं अजून माझ्याजवळ आहे. आजही अडखळल्याशिवाय सांगू शकते. ऐकून घेणारं कोर्ट तेवढं मिळालं नाही.

साहेबांचं सांगून झालं. मावशीचा वकील अर्धवट उठून म्हणाला, "साहेब, चार आठवडे तरी..." साहेबांनी हात हलवला आणि म्हणाले, "बाई, नेहमीचं." पुढचा नंबर पुकारला गेला. आता हे "नेहमीचं" काय ते सांगायला हवं, कारण सगळी मेख तिथंच आहे. "दिवाणी कोर्टात जा" हा शेवट इतक्या वेळा लिहावा लागतो की माझ्या आधीच्या साहेबांनी त्याचे दोन परिच्छेद मला एकदाच सांगून ठेवले होते. छोटा आणि मोठा. छोट्यात एवढंच: अर्जदाराला दिवाणी कोर्टात जायची मुभा आहे, आम्ही खऱ्याखोट्यावर मत दिलेलं नाही, अर्ज निकाली. मोठ्यात तेच, आणि वर एक वाक्य: आजवर चालू असलेली स्थगिती आणखी चार आठवडे चालू राहील. त्या चार आठवड्यांत माणूस मागच्या इमारतीत जातो, दावा लावतो, तिथून नवी स्थगिती आणतो आणि बारा वर्षं का होईना, आपल्या छपराखाली बसून भांडतो. आधी स्थगिती असेल तर मोठा, नसेल तर छोटा, हे ठरलेलं. म्हणून साहेब फक्त "नेहमीचं" म्हणतात आणि निवड मी करते. संगणकावर छोटा सातव्या बटणावर आहे, मोठा आठव्या. हजारो निकाल असे गेले असतील, चूक एकदाही नाही. साहेब शेवटचं पान वाचत नाहीत. माझ्यावर त्यांचा इतका विश्वास की सही करताना ते डबा कुठाय म्हणून विचारत असतात.

चार वाजता मी तो निकाल टाइप करायला घेतला. शेजारच्या टेबलावरची पोरगी कुणाच्या तरी लग्नाचे फोटो दाखवत होती, मी "छान आहे गं" म्हटलं. मग शेवटाला आले. दोन्ही बटणं शेजारी शेजारी. बोट दोन्हींच्या मधे ठेवून मी बसले. किती वेळ कोण जाणे. चूक झाली असं म्हणायची सोय होती, हे मला त्या क्षणी नीट ठाऊक होतं. म्हणून स्पष्ट सांगते, चूक नव्हती. शुक्रवार होता. निकाल सहाला बाहेर पडणार, मंडळाचा वकील सव्वासहाला फोन करणार, शनिवारी सकाळी कुलपं घेऊन माणसं जाणार, आणि मावशीच्या वकिलाला दुरुस्तीसाठी तोंड उघडायला सोमवार उजाडणार. हे सगळं एका रांगेत दिसत होतं. आणि त्याच्यामागं दिसत होती दारात उभी असलेली मावशी, मशीनकडे बघणारी. "मला काही बघायचं नाही." मी सातवं दाबलं. साडेपाचला साहेबांसमोर गठ्ठा ठेवला. एकेक पान उलटत त्यांनी सह्या केल्या. त्या पानावर त्यांची सही झाली तेव्हा माझे कान इतके गरम झाले की मला वाटलं त्यांना दिसेल. त्यांनी वर बघितलं. "काही आहे का, बाई?" मी म्हटलं, "नाही, साहेब."

शनिवारी मी चादरी धुतल्या. सगळ्या. धुवायला झाल्या नव्हत्या त्यासुद्धा. दहा वाजले तेव्हा मी पिळत होते आणि मनात जिना मोजत होते. अकरा पायऱ्या, वळण, पुन्हा अकरा. आता वर पोचले असतील. आता दार. काय वाटत होतं? आनंद वाटत होता. खोटं कशाला बोलू? जिभेवर चव यावी इतका स्पष्ट. त्रेचाळीस वर्षांनी एकदाचं कुणीतरी माझं ऐकल्यासारखं. आणि त्याच्या पोटात एक बारीक कळ होती. आनंद वाढला की तीही वाढायची. मी मनाशी म्हटलं, तिला कुठं ठाऊक आहे? तिच्या लेखी हे साहेबांनी केलं, मंडळानं केलं, वकिलानं घोळ घातला. ज्याच्यावर सूड उगवायचा त्याला पत्ताच नाही, मग तो सूड कसला, जळला मेला? दुपारी जेवण गेलं नाही. टेबलाखाली काहीतरी पडलं म्हणून वाकले आणि तशीच थोडा वेळ बसून राहिले, फरशीवर, टेबलाखाली. सत्तावन्न वर्षांची बाई. गुडघे वाजले तेव्हा उठले.

सोमवारी साडेदहाला मावशीचा वकील धापा टाकत उभा राहिला. "साहेब, शुक्रवारचा निकाल. चार आठवडे दिले होते आपण. पण निकालात आलेले नाहीत. शनिवारी मंडळानं सील ठोकलं." साहेबांनी चष्मा काढला. "मी म्हणालो होतो चार आठवडे?" "साहेब, मी मागितले, आपण... आपण हात केला होता." कोर्टात कुणीतरी खुसखुसलं. मंडळाचा वकील तयारच होता. "हातावरून काय समजायचं, साहेब? शिवाय खोलीचं नवं वाटपपत्र शनिवारीच गेलंय. आता तिसऱ्या माणसाचा हक्क आला." साहेब चष्मा पुसत राहिले. मला वाटतं त्यांना आठवत होतं, किंवा आठवल्यासारखं होत होतं. पण शुक्रवारी चाळीस प्रकरणं होती. ते खाली वाकले. "बाई, वही बघा बरं." मी वही उघडली. पानं उलटली. इतक्या सावकाश उलटली की मलाच नवल वाटलं. त्या पानावर तळाशी एक छोटी आडवी खूण होती, "नेहमीचं" ची. माझी स्वतःची खूण, जगात दुसऱ्या कुणाला ती वाचता येत नाही. अजूनही वेळ होता. "माझी चूक झाली, साहेब," एवढंच म्हणायचं. साहेब रागावले असते, निकाल दुरुस्त झाला असता, मंडळाला सील काढावं लागलं असतं. मागच्या बाकावर मावशी बसली होती. आज पिशव्या दोन होत्या. ती माझ्याकडे बघत होती. साहेबांकडे नाही, माझ्याकडे. मी म्हटलं, "चार आठवडे वहीत नाहीत, साहेब." शब्दाला शब्द खरं होतं ते. साहेबांनी चष्मा घातला. "बाईंची वही म्हणजे वही. काय बोलणं झालं नि काय नाही, यात आता मला पडता यायचं नाही. पुन्हा वस्तुस्थितीचाच वाद झाला हा. दिवाणी कोर्टात जा, तिथं काय सांगायचंय ते सांगा." आणि मला म्हणाले, "नेहमीचं." आता स्थगिती नव्हतीच. म्हणजे छोटा.

जेवणाच्या सुट्टीत मी खोलीत एकटीच होते. डबा काढला आणि दारात कुणीतरी उभं राहिल्याची सावली पडली. "आत येऊ?" मावशीचा आवाज तोच होता, फक्त आत कुठंतरी दोरा सुटलेला. ती आली, समोरच्या खुर्चीवर बसली, पिशव्या पायांशी ठेवल्या. "तूच ना गं?" मी डबा बाजूला सरकवला. "पहिल्या तारखेलाच ओळखलं मी," ती म्हणाली. "डावा हात. आणि जीभ बाहेर काढून लिहितेस, अजून." मला हसू यावं की काय व्हावं कळेना. म्हटलं, "मग वकिलाला सांगितलं का नाहीस? त्या दिवशी साहेबांनी विचारलं, मुलगी कुठाय." "सांगणार होते. मग म्हटलं, नको. ती आपण होऊन उठेल." ती हे अगदी साधेपणानं म्हणाली, दूध उतू जाईल म्हटल्यासारखं. "दोन महिने वाट बघितली बघ. शुक्रवारी तर वाटलं, उठलीसच तू."

ओरडली असती तर मी ओरडले असते. ती ओरडली नाही, तेव्हा मीच बोलले. त्रेचाळीस वर्षं पाठ असलेलं सगळं सांगितलं. तो मागं होता, मी पुढं, हात त्यानं काढले, चाक डाव्या अंगाला होतं. एक शब्द चुकला नाही. ती मान हलवत ऐकत होती. माझं संपल्यावर म्हणाली, "ठाऊक आहे मला. त्यानंच सोडलं. दारातच होते की मी." "ठाऊक होतं? मग?" "मग काय? त्याला कुठं धाडणार होते मी? त्याला माझ्याशिवाय होतं कोण? तुला निदान काकांकडे जायला जागा तरी होती." असं म्हणून तिनं माझ्याकडे बघितलं, इतकी उघड गोष्ट मला कळू नये याचं नवल वाटल्यासारखं. दुसरीकडे जायची सोय आहे, तेव्हा इथं ऐकणार नाही. हे मी एकतीस वर्षं टाइप करत आले होते आणि मला ते साहेबांचं वाटत होतं.

"मशीन कुठाय?" मी विचारलं. दुसरं काही सुचलंच नाही. "बाहेर काढलं त्यांनी. जिन्यातच ठेवलंय. खालच्या बाईनं वर चादर टाकलीय." ती स्वतः दोन रात्री त्या खालच्या बाईकडे, दाराशी झोपत होती. आजच्यानंतर त्यांच्याकडेही पाहुणे येणार होते. तिनं पिशवीची शिवण चाचपली. "तू मला काही विचारू नकोस, मीही तुला वहीचं विचारत नाही," ती म्हणाली. म्हणजे तेही ठाऊक होतं. "फक्त एवढं सांग, आता मी जाऊ कुठं?" माझ्या तोंडून सवयीनं निघालं, "दिवाणी कोर्ट. मागची इमारत, तळमजला, सात नंबरची खिडकी." ती उठली, पुन्हा बसली. "तिथं साक्षीदाराचं ऐकतात म्हणे. वकील म्हणाला, त्या खोलीत कुणी राहिलेलं माणूस उभं केलं तर दावा जिंकतो." तिनं हात पुढं करून माझं बोट धरलं, ते नखात रेघ असलेलं, आणि अंगठ्यानं ती रेघ चाचपली. "येशील?"

खिडकीतून सात नंबर दिसत होती. तिथं आज दिलेल्या दाव्याची साक्ष निघायला बारा वर्षं. मावशी ब्याऐंशीची. हा हिशेब करायला मला पेन्सिलसुद्धा लागली नाही. नाही म्हटलं असतं तर ती रडली असती, भांडली असती, कदाचित तशीच साहेबांच्या दारात जाऊन उभी राहिली असती. कदाचित माझ्यातलंही काहीतरी तुटलं असतं आणि मी तिच्याबरोबर उठले असते. मी तिच्या हातावर दुसरा हात ठेवला.

"येईन की," मी म्हटलं. "न यायला काय झालं? नक्की येईन."

तिचा चेहरा असा उजळला की मला खाली बघावं लागलं. "मग झालं," ती म्हणाली. "तू असलीस की मला कशाचं भ्या नाही. मला वाटलं होतं, तू मनात धरून बसलीयस." पिशव्या उचलून ती गेली. जिना ती धरून धरून उतरत असणार, कारण आवारात दिसायला तिला बराच वेळ लागला. सात नंबरपुढं चारच माणसं होती. ती रांगेत उभी राहिली, पुढच्या बाईशी बोलायला लागली, आणि मग तिनं वळून वर माझ्या खिडकीकडे बोट दाखवलं. त्या बाईनंही वर बघितलं. मावशीनं हात हलवला. मीही हलवला, आणि मग डबा उघडून जेवायला बसले.